मेणावरची उधारी

विरोकोनियमच्या चौकात, खांबांच्या ओळीखाली
तीन दुकानं लागून होती आमची.
पलीकडे म्हातारा दोसिलिस, खरबरीत तळाची जाड कुटणपात्रं मांडून.
मधे लोसियो, त्याचे गॉलहून आलेले लाल वाडगे.
आणि कडेला, गटाराच्या काठाशी मी,
धारेचे दगड घेऊन.

माझा माल हातात धरून कुणी वा म्हणत नाही.
गिऱ्हाईक येतं, दगडावर थुंकतं, सुरी दोनदा घासतं,
पात्यावरून अंगठा फिरवतं
आणि तांब्याचा एक अस कमी कर म्हणतं.
लोसियोकडे बायका वाडगा उन्हाला धरायच्या,
टिचकी मारून कान लावायच्या,
मग म्हणायच्या, लिहून ठेव.

तो लिहायचा. लाकडी पाटीवरच्या काळ्या मेणात
लोखंडी टोकानं बारीक ओरखडे.
मला अक्षर येत नाही.
पण लिहिताना तो मोठ्यानं बोलायचा,
आणि माझे कान काही मेणाचे नव्हते.

सेनोवारा, कातडी कमावणाऱ्याची: सहा वाडगे, लेकीच्या लग्नाला,
चार देनार, गाय विकल्यावर.
मीठवाला विंदो: एक थाळी, निम्मे पैसे मिठात.
स्नानगृहाचा जळणवाला: दोन पेले, पानगळ संपल्यावर.
शिशाच्या खाणीचा मुकादम: अख्खी चळत,
कधी देणार ते मेणालाही ठाऊक नाही.

आग भट्टीवाल्याच्या मागून आली म्हणतात.
त्या दिवशी माझी भवानीसुद्धा झाली नव्हती.
दगड कशाला वाचवायचे? मी हात हलवत पळाले.
मागे वळून पाहिलं तेव्हा
लोसियोची मांडणी वाकत होती,
आणि वाडगे, एकात एक बसलेले,
गटारात उतरत होते
एकही न फुटता,
जणू घरी निघाले होते.

सकाळी तो राखेत बसला होता, मांडीवर पाट्यांचा कोळसा.
मेण फरशीच्या फटींत थिजलेलं.
अख्ख्या गावाची उधारी एका रात्रीत फिटली होती.
दुपारी लोक हळहळायला आले.
खूप हळहळले.
पैशाचं कुणीच बोललं नाही.

मग तो माझ्याकडे वळला. मातुगेना, तू ऐकायचीस ना?

तीन दिवस मी बोलत होते
आणि तो काजळलेल्या खांबावर खिळ्यानं ओरखडत होता.
माणूस, माल, वायदा.
कुणी नाकारलं तर मी सांगायचे,
त्या दिवशी गारा पडत होत्या, बाई,
काखेत कोंबडं होतं तुझ्या,
आणि एक वाडगा तू परत ठेवून दुसरा घेतलास.
सेनोवारा रडली, पण गाय विकली.
विंदोनं सगळंच मिठात दिलं, ओलं मीठ.
मुकादमानं अजून दिलेलं नाही.

शेवटी लोसियोनं विचारलं, संपलं?
साब्रिनेवरून वारा येत होता, धुराचा वास घेऊन.
मी म्हटलं, संपलं.

माझा वाडगा घरी फळीवर आहे.
मागच्या हिवाळ्यात घेतला, सव्वा देनार,
नवरा खाणीवरून दगड घेऊन आला की, असं ठरलेलं.
दगड आले. नवरा आला नाही.
त्या संध्याकाळी लोसियोनं मला विचारलंही नव्हतं,
नुसतं मेण थोडं दाबलं होतं, नेहमीपेक्षा हलकं.

तळाशी आत कुंभाराचा शिक्का होता.
तो मी माझ्याच दगडावर नाही,
दगडच वाडग्यात घालून घासला,
रात्रभर, पाणी घालत,
सुरीला लावतात तशा सावकाश हातानं.
नाव गेलं. लाल रंगही गेला त्या जागेपुरता.

आता रोज जवाची पेज संपत आली
की तळाशी तो फिकट गोल उघडतो
आणि मी शेवटचा घोट
ठेवून देते, झाकायला.